दादाचा अळणी नेम

आमच्या घरात सगळ्या दुखण्यांना मिळून एकच नाव होतं, पित्त. बाबांचं डोकं दुखलं की पित्त, आईला भोवळ आली की पित्त, आणि माझा मोठा भाऊ विनायक, म्हणजे आमचा दादा, महिना-महिना भिंतीकडे तोंड करून पडून राहिला तरी तेही पित्तच. शेजारणी विचारायच्या, "विनू दिसत नाही हो हल्ली?" आई पदर खोचत म्हणायची, "पित्त उठलंय त्याचं." शेजारणी माना डोलवायच्या. त्यांच्याही घरात कोणाकोणाचं उठत असणारच. कसबा पेठेतल्या एवढ्या लोकांना एवढं पित्त कशाने होतं, हा प्रश्न कोणालाच कसा पडला नाही, याचं आज लिहिताना मला नवल वाटतं. तेव्हा मलाही पडला नव्हता.

आम्ही तांबट. खाली कारखाना, वर दोन खोल्या. कारखाना म्हणजे काही मोठं प्रकरण नव्हे. एक भट्टी, जमिनीत रोवलेले लोखंडी दांडे, भिंतीला लावलेले हातोडे, आणि कोपऱ्यात तांब्याचे पत्रे. बाबा भांडं घडवायचे आणि दादा त्यावर मठार करायचा. मठार म्हणजे घडवलेल्या भांड्यावर जवळजवळ, एकसारखे ठोके मारत जायचं. एका ठोक्याचा एक लहानसा खळगा, त्याला लागून दुसरा, असं करत सगळं भांडं चमकायला लागतं आणि पत्र्यालाही ताकद येते. हात एक केसभर हलला तर तिथे डोळा अडकतो, आणि ते भांडं मग विकायचं नाही, घरच्याच स्वयंपाकघरात वापरायचं. दादाचा मठार अख्ख्या आळीत एक नंबर होता. बाबा कोणाचं कौतुक करणारे नव्हते; "बरं आहे" हे त्यांचं वरचं टोक. पण गिऱ्हाईक दादाचं घंगाळ उचलून उजेडात फिरवायला लागलं की बाबा "बरं आहे"सुद्धा म्हणायचे नाहीत, नुसते दुसरीकडे बघायचे, आणि आम्हाला सगळं कळायचं. मी वर बसून अभ्यास करायची तो त्या ठोक्यांच्या नादातच. चिंचेच्या पाण्याने घासलेल्या तांब्याचा आंबट वास जिन्यावरून वर यायचा आणि स्वयंपाकघरातल्या फोडणीत मिसळायचा. आमच्या वरणाला तो वास लागलेला असायचा, असं सुमाताई म्हणायची. सुमाताई म्हणजे माझी मोठी बहीण. तिला ते घर कधीच आवडलं नाही.

दादाचं दुखणं सुरू झालं ते उलट्या बाजूने. बाविसाव्या वर्षी त्याला एकाएकी असा काही चेव आला की तो जेवण-झोप विसरून काम करायला लागला. बोलणं तर असं की एका वाक्यात तीन वाक्यं. एकदा घरातले चौदा तांबे पोत्यात भरून तो मंडईत गेला आणि भाजीवाल्या बायकांना एकेक वाटून आला. "मावशी, यातून पाणी प्या, शंभर वर्षं जगाल!" दुसऱ्या दिवशी बाबा ते परत मागायला गेले, तर एकीनेही दिला नाही. "तुमच्या पोराने पाया पडून दिलाय," म्हणाल्या. आम्ही घरात हसलो होतो, खोटं कशाला बोलू. मग दोन महिन्यांनी तो जो पडला, तो दहा महिने उठला नाही. उशाशी पाण्याचा तांब्या असायचा, पण तो उचलून तोंडाला लावणं त्याला जड जायचं. डोळे उघडे, आणि बघत काहीच नाही. मी केस विंचरून दिले तर विंचरू द्यायचा. एकदा म्हणाला, "मंदे, मला रडूसुद्धा येत नाही गं." मी सतरा वर्षांची, अकरावी सायन्सला. त्यावर काय बोलतात ते मला कोणी शिकवलं नव्हतं. मी म्हटलं, "ऊठ, अंघोळ कर, बरं वाटेल." आज कोणी हे वाक्य माझ्यासमोर कोणाला म्हटलं, तर माझ्या तळपायाची आग मस्तकाला जाते. पण तेव्हा मीच म्हटलं होतं.

उपाय काय कमी झाले? काढे झाले, अंगारे झाले, लिंबू उतरवून टाकून झालं. पाहुणे यायचे आणि चहा पिता पिता सल्ला देऊन जायचे, "लग्न लावून द्या, आपोआप सुधारेल." बाबा म्हणायचे, "आणि नाही सुधारला, तर त्या मुलीचं परत कुठे लावू?" त्यावर पाहुणे बशी खाली ठेवून निघायचे. आत्याने मात्र नवस बोलला. आत्या म्हणजे बाबांची थोरली बहीण. लवकर विधवा झाली आणि आमच्याकडे राहिली. आत्याचा दादावर जीव होता, हे आधीच सांगून टाकते, नाहीतर पुढचं वाचून तुम्ही तिला कैदाशीण ठरवाल. तिने महादेवाला सांगितलं, माझा विनू उठून कामाला लागू दे, तो श्रावणभर अळणी खाईल. नवसाची ही गंमतच असते. बोलणारा एक, फेडणारा दुसरा, आणि फेडणाऱ्याला कोणी विचारत नाही.

डॉक्टरांकडे न्यायचं धाडस आईने केलं. आत्याला सांगितलं, "मंडईत जाऊन येते." दादाला पाठीला हात लावून उठवलं, आणि इंग्रजी वाचता येतं म्हणून मला बरोबर घेतलं. डॉक्टर वयस्क होते, साध्या मराठीत बोलायचे. सगळं ऐकून घेतल्यावर म्हणाले, "ह्याला वेड म्हणू नका, आणि ते तुमचं पित्तही म्हणू नका. हा आजार आहे. ह्याचं मन एकदा फार वर चढतं, एकदा फार खाली जातं, मधे थांबणं त्याला जमत नाही. त्यात ह्याचा दोष नाही, तुमचाही नाही. गोळीने थांबेल." आई पदराने डोळे पुसत बसली. इतक्या दिवसांत "तुमचा दोष नाही" असं तिला कोणीच म्हटलं नव्हतं. मग डॉक्टर माझ्याकडे वळले. "लिहून घे. पाणी भरपूर प्यायचं. रक्त वेळच्या वेळी तपासायचं. आणि मीठ रोज खातो तेवढंच खायचं, कमी करायचं नाही. उपास नाही, पथ्य नाही. भट्टीवर काम करतो ना? घामातून मीठ जातं. अंगातलं मीठ कमी झालं की हीच गोळी आत साठत जाते आणि तिचं विष होतं." मी लिहून घेतलं. मी पुढे तीस वर्षं शाळेत रसायन शिकवलं. ती गोळी लिथियमची. लिथियम आणि मिठातलं सोडियम, मूलद्रव्यांच्या तक्त्यात एकाखाली एक बसतात. मूत्रपिंडाला मीठ कमी पडलं की ते मीठ धरून ठेवायला बघतं आणि त्या नादात लिथियमही धरून ठेवतं. हे मी शेकडो मुलांना समजावून सांगितलं असेल. फळ्याकडे तोंड करून सांगायची. असो. तर मीठ सोडायचं नाही, हे आमच्या घरात तीन माणसांना माहीत होतं. आई, मी, आणि दादा. तो काही बहिरा नव्हता, माझ्या शेजारच्याच खुर्चीवर बसला होता.

गोळ्यांनी गुण आला. पहिले दोन-तीन आठवडे काहीच नाही, मग एका सकाळी त्याने विचारलं, "थालीपीठ आहे का गं?" आईच्या हातातलं उलथनं खाली पडलं. पुढच्या पंधरवड्यात तो खाली उतरला. पहिल्यांदा नुसता बसला, मग त्याने हातोडा घेतला, आणि वर आम्हाला ते ठोके ऐकू आले, तसेच्या तसे, एकसारखे. आई पोळी लाटता लाटता थांबली आणि ऐकत उभी राहिली. आत्या देवघरातून ओरडली, "पावला गं बाई माझा महादेव!" आणि आईने तिला पावू दिला. गोळ्या पत्र्याच्या डबीत होत्या आणि डबीवर माझ्याच अक्षरात लिहिलं होतं, पित्ताच्या गोळ्या.

आत्याला का नाही सांगितलं? तर आत्याच्या तोंडात तीळ भिजत नसे, आणि तेव्हा सुमाताईचं लग्न जमत होतं. लोणी काळभोरचं स्थळ होतं, आमच्यातलेच, बाजारात भांड्यांचं मोठं दुकान. मुलगा शिकलेला; त्याच्या आईला आम्ही लोणीच्या बाई म्हणायचो. सुमाताई त्या स्थळाकडे डोळे लावून बसली होती. भावाला मनाचं दुखणं आहे आणि त्याला रोज गोळ्या लागतात, हे लोणीपर्यंत गेलं असतं तर ते लोक पुन्हा आमच्या दारात उभे राहिले नसते. त्यांनी तरी का राहावं? आमच्यातल्या कोणी दुसऱ्याकडे असं कळल्यावर मुलगी दिली असती? बाबांना गोळ्या कसल्या तरी आहेत एवढंच माहीत होतं. "मला जास्त सांगू नका," ते म्हणाले होते, "म्हणजे मला खोटं बोलावं लागणार नाही." बाबा तसे सरळमार्गी.

श्रावण लागायच्या आदल्या दिवशी आत्याने जाहीर केलं की उद्यापासून विनूचं वेगळं शिजेल, आणि त्याच्या सोबतीला तीही अळणी खाईल. मी वहीतला कागद घेऊन आईकडे गेले. आई तांदूळ निवडत होती.

"आई, डॉक्टर काय म्हणाले होते आठवतंय ना? मीठ सोडायचं नाही."

"महिन्याचा तर प्रश्न आहे."

"विष होतं म्हणाले ते."

"आणि आत्यांना मी काय सांगू? मीठ का नाही सोडायचं, विचारतील. मग गोळ्या निघतील. गोळ्या निघाल्या की सुमाचं संपलं."

"मग गोळ्या तरी थांबव महिनाभर."

आईने माझ्याकडे असं बघितलं, की मीच वेडी. "आणि तो परत पडला म्हणजे? लोणीच्या बाई येणारेत ह्या महिन्यात. त्यांना तो कामावर बसलेला दिसायला हवा." मग तिचा आवाज खाली आला. "झाकली मूठ सव्वा लाखाची, मंदे. गप्प बस."

मला आईचा राग यावा, असं मला आजही वाटतं. येतोही. पण एका मुलाला जगवायचं आणि एका मुलीला उजवायचं, आणि दोन्ही एकाच महिन्यात, एकाच स्वयंपाकघरात, हे तिच्या वाट्याला आलं होतं. तिने जुगार खेळला. तो दादाच्या जिवावर होता एवढंच. त्या महिन्यात रक्त तपासायलाही नेलं नाही, लोणीच्या बोलण्यांत ते राहूनच गेलं.

मग मी माझ्या परीने चोरी सुरू केली. मिठाची पुडी ब्लाउजमध्ये ठेवायची आणि दादाला वाढताना वरणाच्या वाटीत चिमूटभर सोडून बोटाने ढवळायचं. पहिल्या दिवशी त्याने घास घेतला, थांबला, माझ्याकडे बघितलं आणि काही न बोलता वाटी संपवली. असं अकरा दिवस चाललं. मला स्वतःचा अभिमान वाटायचा. कॉलेजात मैत्रिणी सिनेमाच्या गोष्टी सांगायच्या आणि मी मनात म्हणायची, मी भावाचा जीव वाचवतेय.

लोणीच्या बाई आल्या त्या श्रावणातल्या शुक्रवारी. घरात पुरण, अळूची भाजी, काकडीची कोशिंबीर. सुमाताई सकाळपासून तीनदा साडी बदलून झालेली. बाई ठसठशीत, कपाळाला मोठं कुंकू, नजर चौकस. आल्या आल्या कारखान्यात डोकावून दादाचं काम बघितलं. "हात लई गोड हाय हो पोराचा," म्हणाल्या. पंगत बसली. त्या गडबडीत, पाहुण्यांसमोर वाटीत बोट घालायचं कसं म्हणून, मी पुडी वाटीऐवजी अळणी वरणाच्या पातेलीतच रिकामी केली. आत्याही त्याच पातेलीतलं खाते, हे माझ्या डोक्यातून साफ गेलं. एवढी सायन्सची हुशार मुलगी!

आत्याने पहिला घास घेतला आणि हात ताटातच थांबवला. "ह्यात मीठ आहे."

पुरण वाढता वाढता आई जागच्या जागी उभी.

"कोणी घातलं?" आत्याने विचारलं. माझ्याकडे बघून विचारलं, कारण वाढत मीच होते.

"काय झालं हो?" लोणीच्या बाई म्हणाल्या. "कसला नेम हाय?"

"आमचा विनू पोटाच्या दुखण्यातून उठला," आत्या त्यांना म्हणाली, "त्याचा नवस आहे. श्रावणभर अळणी." आणि परत माझ्याकडे. "मंदे, कोणी घातलं?"

मला दोन वाक्यं पुरली असती. त्याला मीठ लागतं, त्याच्या गोळ्यांना लागतं. आत्या ओरडली असती, बाई उठून गेल्या असत्या, सुमाताईने जन्मभर माझं तोंड बघितलं नसतं. मी सुमाताईकडे बघितलं. ती दाराच्या चौकटीला धरून उभी होती आणि तिचा चेहरा पांढराफटक पडला होता. मी आईकडे बघितलं. आईने अगदी थोडीशी मान हलवली. आणि मी म्हटलं, "दादानेच मागितलं. त्याला बेचव लागतं म्हणाला."

दादाने माझ्याकडे बघितलं. रागाने नाही. रागाने बघितलं असतं तर मला सोसलं असतं. मग तो ताटाकडे बघायला लागला.

"शोभतं का रे विनू?" आत्याचा आवाज रडवेला झाला. "देवाने तुला उठवलं आणि तू जिभेचे चोचले पुरवतोस?" लोणीच्या बाई हसून म्हणाल्या, "जाऊ द्या हो, पुरुषमाणसाला कुठं निघतंय अळणी." पण आत्या ऐकणारी नव्हती. मोडलेला नेम अर्धा धरत नाहीत. तो पुन्हा पहिल्यापासून, आणि आता श्रावण संपेपर्यंत नव्हे, अनंत चतुर्दशीपर्यंत. आणि इथून पुढे विनूचं ताट ती स्वतः वाढणार. "करशील ना रे?" तिने विचारलं. दादा म्हणाला, "करीन." बाई संध्याकाळी होकार देऊन गेल्या. सुमाताईने मला मिठी मारली. तिने मला मारलेली ती पहिली आणि शेवटची मिठी.

त्यानंतर मी मीठ घातलं नाही. घालता आलं असतं. खाली कारखान्यात पाणी घेऊन जाताना, चहाबरोबर शेंगदाणे देताना, घालायचंच तर रस्ते शंभर होते. पण आत्याची नजर माझ्यावर होती आणि मी घाबरले होते, आणि त्याहून खरं सांगायचं तर, दादा काही बोलत नाही म्हणजे बहुतेक चालत असेल, अशी मी स्वतःची समजूत घातली. तो का बोलत नव्हता? त्यालाही माहीत होतं की. हा प्रश्न मी पुढे जन्मभर चघळला.

पहिल्यांदा ठोके बदलले. मी वर सेंद्रिय रसायनाची पानं उलटत होते आणि खालून ठक, ठक, मग एक राहून गेलेला, मग दोन घाईघाईने. मी जिन्यात जाऊन बघितलं. दादा उजवा हात डाव्या हाताने धरून बसला होता. बाबांनी त्याच्यापुढचं भांडं उचललं, फिरवलं, आणि बाजूला ठेवलं. मग त्याला उलट्या सुरू झाल्या, मग जुलाब. आई म्हणाली पित्त. आत्याने मऊ भात करून घातला. अळणी. गणपती बसले, आळीत आरत्या आणि ताशे, घरात मोदक, आणि दादा मोदक हातात धरून तोंडापर्यंत नेता नेता सांडत होता. बोलताना त्याची जीभ जड व्हायची. एका दुपारी तो आईची पिशवी घेऊन मंडईत गेला आणि ओळखीच्या एका माणसाने त्याला खांद्याला धरून घरी आणलं. "सांभाळा हो ह्याला, सणासुदीचं," तो बाबांना म्हणाला, "भर बाजारात पिऊन झोकांड्या देतोय." गिऱ्हाइकं बघत होती. बाबांनी सगळ्यांसमोर दादाच्या मुस्काटात मारली. दादा काहीतरी सांगायला बघत होता, शब्द निघत नव्हता. त्याच्या तोंडून हसल्यासारखा आवाज आला, आणि बाबांनी दुसरी मारली. तेव्हा त्याला फेफरं आलं. तो भट्टीशेजारी पडला, आणि त्याचे पाय पत्र्यावर आपटत राहिले.

दवाखान्यात ते डॉक्टर आले. दादाचे डोळे बघितले, हात बघितले, आणि पहिला प्रश्न विचारला, "जेवतो काय?" मी म्हटलं, "महिना झाला, अळणी." डॉक्टर ओरडले असते तर बरं झालं असतं. ते हळू म्हणाले, "तुला लिहून घ्यायला लावलं होतं ना मी?" मी हो म्हटलं. बाबा शेजारी उभे होते. त्यांनी माझ्याकडे बघितलं, मग आईकडे, मग स्वतःच्या हाताकडे. बाबा त्यानंतर अठरा वर्षं जगले. त्या दिवसाबद्दल ते कधी एक अक्षर बोलले नाहीत, आणि त्यांनी कोणावर पुन्हा हात उचलला नाही.

दादा वाचला. शुद्धीवर आला, माणसं ओळखली, आईला म्हणाला घरी जाऊ. पण तोल गेला तो गेलाच. डॉक्टर म्हणाले, मेंदूचा जो भाग तोल सांभाळतो त्याला इजा झालीय, भरून येईल किंवा येणार नाही. नाही आली. तो पाय फाकवून, भिंत धरून चालायचा. जीभ शेवटपर्यंत जड राहिली. हात थरथरायचा, आणि थरथरायचा तो नेमका काही धरायला गेला की. आजारासाठी दुसरी औषधं मिळाली, ती कधी लागू पडायची, कधी नाही. मधे दोनदा तो पुन्हा भिंतीकडे तोंड करून पडला, पण तेव्हा निदान घरात पित्त म्हणायचं बंद झालं होतं. मठाराचे हातोडे बाबांनी एका ओळखीच्या कारागिराला देऊन टाकले. दादा त्या दिवशी मुद्दाम दुपारभर गच्चीत बसून राहिला.

सुमाताईचं लग्न मार्गशीर्षात झालं. विनूचा ताप डोक्यात गेला, असं लोणीला कळवलं. आणि आत्या? आत्याचं अगदी सोपं होतं. मंदीने मीठ घातलं, नेम मोडला, महादेव कोपला. हे ती मरेपर्यंत सांगत राहिली, हळदीकुंकवाला, मंगळागौरीला, येईल जाईल त्याला. "हिनेच मीठ घातलं हो." आणि घरात कोणी तिला थांबवलं नाही, कारण तिला खोडायचं तर खरं सांगावं लागलं असतं. मी खाली मान घालून ऐकायची. ज्या अकरा दिवसांत मी बरोबर वागले होते, त्यांच्यासाठी मला आयुष्यभर बोल लागला. नंतरच्या दिवसांबद्दल मला कोणीच काही बोललं नाही. मी लग्न केलं नाही. आईबाबा गेल्यावर दादाला घेऊन कोथरूडच्या फ्लॅटमध्ये राहायला आले. लोक म्हणायचे, बहीण असावी तर अशी. लोकांना काय, म्हणायला काहीतरी लागतं.

सुमाताईने हे सगळं नवऱ्यालाही सांगितलं नाही, हे मला पुढे कळलं. कळायला तिची नात रेवा आजारी पडावी लागली. रेवा हिंजवडीला नोकरीला. दोन वर्षं तिला नुसतं नैराश्य समजून औषधं दिली, आणि त्या औषधांनी पोरगी अशी वर चढली की नोकरीचा राजीनामा देऊन, नव्या मोटरसायकलवर एकटी लडाखला निघाली. डॉक्टरांनी सुरुवातीलाच विचारलं होतं, घरात कोणाला असा त्रास? सुमाताई तिथेच बसली होती. म्हणाली, "नाही हो. आमच्याकडे कोणाला काही नाही." पन्नास वर्षांनंतर, स्वतःच्या नातीच्या डॉक्टरला! लोणीच्या बाई वारल्यालासुद्धा जमाना झाला होता. मी फोनवर तिला जे बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही. दुसऱ्या दिवशी मीच रेवाच्या आईला दादाची सगळी हकीकत सांगितली, आणि मग त्या मुलीला बरोबर औषध मिळालं.

गेल्या उन्हाळ्यात रेवा आमच्याकडे जेवायला आली. वजन जरा वाढलेलं, डोळे शांत. दादाच्या शेजारी बसून, अगदी हवापाण्याच्या गप्पा माराव्यात तसं म्हणाली, "आजोबा, मला बायपोलर आहे. तुमच्यासारखंच. चिल, मरत नाहीये मी. लिथियमवर आहे." मग माझ्याकडे वळून, "आजी, लोणचं वाढ ना अजून. डॉक्टर म्हणालेत सॉल्ट अजिबात कमी नको करू." दादा हसला. मी लोणच्याची बरणीच तिच्यापुढे सरकवली. मला त्या मुलीचा हेवा वाटला, खरं सांगते. राग आला. एवढं सोपं होतं हे? नुसतं ताटावर बसून म्हणायचं होतं?

ती गेल्यावर मी भांडी तशीच टाकून दादासमोर बसले. पन्नास वर्षांत आम्ही दोघं त्या शुक्रवारबद्दल कधी बोललो नव्हतो. एका घरात राहून न बोलणं आम्हाला छान जमतं, घराण्याची विद्या आहे ती.

"दादा," मी म्हटलं, "मी त्या दिवशी तुझ्यावर ढकललं. तू मागितलं नव्हतंस."

"हो."

"तुला माहीत होतं ना, मीठ सोडायचं नाही ते?"

"होतं की."

"मग तू का नाही बोललास? आत्याला, बाबांना, कोणाला तरी? महिनाभर गप्प जेवत राहिलास!"

तो विचार करायला लागला. त्याला बोलायला वेळ लागतो, शब्द एकेक जुळवून आणावा लागतो. मी थांबले.

"तू सगळ्यांसमोर म्हणालीस, मीच मागितलं. चोचले म्हणाली आत्या. मग परत कुठल्या तोंडाने मागायचं? आणि सुमाचं मोडलं असतं." त्याच्या आवाजात तक्रार नव्हती, जुनी एखादी गोष्ट आठवून सांगावी तसं तो सांगत होता. "आणि मला वाटलं, तू घालशील. रोज जेवायला बसताना वाटायचं, आज नाही घातलं, उद्या घालेल मंदी."